स्पेनचे मूकपट आणि अब्रूचं नाटक

१९२१ साली माद्रिदमध्ये ‘ला वेर्बेना दे ला पालोमा’ नावाचा मूकपट लागला आणि लोकांनी तो उचलून धरला. मूळ कलाकृती होती संगीत नाटकाची. स्पेनमध्ये या प्रकाराला सारसुएला म्हणतात. त्यात थोडं गद्य आणि पुष्कळ गाणी असतात, आणि पात्रं शेजारच्या गल्लीत भेटतील अशी. हे नाटक १८९४ पासून गाजत होतं. तोमास ब्रेतोन यांनी दिलेल्या चाली माद्रिदमध्ये घरोघरी गुणगुणल्या जात. आणि आता तेच नाटक आलं होतं अशा पडद्यावर, जिथे कुणाच्याच गळ्यातून सूर निघणार नव्हता.

मग तो चित्रपट चालला कसा? याचं उत्तर नीट समजलं की स्पेनच्या मूक नाट्यपटांचं अर्धं कोडं सुटतं. पडद्यासमोर वाद्यवृंद बसायचा. ब्रेतोन यांनी स्वतः आपलं संगीत चित्रपटाच्या लांबीत बसवून दिलं होतं. पडद्यावर नटाचे ओठ हलले की खाली वाजणारी चाल ऐकून प्रेक्षकाच्या मनात शब्द आपोआप उमटत, कारण ते त्याला आधीच पाठ होते. निर्मात्यांचीही सोय होती. नवी कथा लिहून घ्यायला नको, ती लोकांना समजेल की नाही याची धास्ती नको, आणि लहान गावातल्या थिएटरातही तिथल्या वाजंत्र्यांना त्या चाली येतच असत. त्यामुळे पुढची चार-पाच वर्षं स्पेनमध्ये सारसुएलांवरच्या मूकपटांची रांग लागली. दिग्दर्शक होसे बुक्स हे त्या लाटेतलं मोठं नाव.

त्या गोष्टीत आहे तरी काय? हुलियान हा छापखान्यातला जुळारी, म्हणजे खिळे जुळवणारा कामगार. त्याचं सुसानावर प्रेम आहे. ऑगस्टमधल्या जत्रेच्या दिवशी ती मात्र एका म्हाताऱ्या, पैसेवाल्या औषधविक्याबरोबर मिरवायला निघते. हुलियानला ते सहन होत नाही आणि तो भर जत्रेत तमाशा करतो. शेवट गोड आहे, कुणाचा जीव जात नाही. पण दुखणं काय आहे ते पाहा. सुसाना दुसऱ्याबरोबर गेली याहून अधिक हुलियानला हे लागतं की ती सगळ्यांच्या देखत गेली. १९२१च्या चित्रपटात हुलियानचं काम ज्या नटाने केलं तो पुढे दिग्दर्शक झाला. त्याचं नाव फ्लोरिआन रे. स्पेनचा सर्वांत मोठा मूक नाट्यपट नंतर त्याच्याच हातून घडला. त्याच्याकडे आपण येऊच.

चारचौघांत आपलं नाव राहणं किंवा जाणं, म्हणजेच अब्रू, हे स्पॅनिश नाटकाचं इंजिन आहे, आणि ते सिनेमाच्या कितीतरी आधीपासून चालू आहे. सतराव्या शतकात काल्देरोन दे ला बार्का या नाटककाराने ‘एल अल्काल्दे दे सालामेआ’ लिहिलं. एका सधन शेतकऱ्याच्या मुलीवर सैन्यातला कप्तान बलात्कार करतो. बाप पेद्रो क्रेस्पो नुकताच गावचा मुखिया झालेला आहे. तरी आधी तो हातातली अधिकाराची काठी बाजूला ठेवतो, कप्तानासमोर गुडघे टेकतो आणि मुलीशी लग्न कर अशी विनवणी करतो. सगळी मालमत्ताही देऊ करतो. कप्तान हसून उडवून लावतो. मग क्रेस्पो काठी परत उचलतो, त्याला अटक करतो आणि मृत्युदंड देतो. नाटकातला त्याचा मुद्दा असा आहे की राजाला धन आणि प्राण द्यावेत, पण अब्रू ही आत्म्याची मिळकत आहे आणि आत्मा फक्त देवाचा आहे. शेवटी राजा स्वतः येतो आणि त्याचा निवाडा मान्य करतो. साडेतीनशेहून अधिक वर्षांपूर्वीच्या नाटकात एक शेतकरी सरदाराच्या बरोबरीने अब्रूवर हक्क सांगतो, यात त्याची ताकद आहे. पण त्या अब्रूच्या व्यवहारात मुलीला काय वाटतं, हे बापाला फारसं विचारावंसं वाटत नाही. हा पेच पुढच्या प्रत्येक चित्रपटात आपल्याला भेटणार आहे.

ही गोष्ट फक्त नाटकापुरती असती तर वेगळं, पण ती कायद्यातही होती. स्पेनच्या १८७०च्या दंडसंहितेत ४३८ क्रमांकाचं कलम होतं. नवऱ्याने बायकोला परपुरुषाबरोबर रंगेहाथ पकडलं आणि तिथल्या तिथे तिला किंवा त्या पुरुषाला ठार केलं, तर त्याला शिक्षा केवळ हद्दपारीची. म्हणजे काही काळ गावापासून लांब राहायचं. किरकोळ जखमा केल्या असतील तर तीही शिक्षा नाही. घरात राहणाऱ्या २३ वर्षांखालच्या मुलीच्या बाबतीत बापालाही हीच सवलत होती. बायकोला अशी कसलीही सवलत नव्हती. मूकपट पाहणारा प्रेक्षक या कायद्याखाली जगत होता. म्हणून आज जे दृश्य आपल्याला भडक वाटतं ते त्याला भडक वाटत नसे. नवरा दारात उभा आहे आणि बायको आत कोपऱ्यात, एवढं दिसलं की पुढे काय होऊ शकतं हे त्याला कुणी सांगावं लागत नसे.

आता जरा मागे जाऊ. ल्युमिएर बंधूंचा माणूस सिनेमाचं यंत्र घेऊन मे १८९६ मध्ये माद्रिदला आला आणि तिथे पहिले खेळ झाले. त्याच ल्युमिएर कंपनीचे खेळ दोन महिन्यांनी, ७ जुलै १८९६ रोजी, मुंबईच्या वॉटसन हॉटेलात झाले. म्हणजे चलच्चित्र पाहण्यात माद्रिद आणि मुंबई जवळजवळ बरोबरच होती. १८९७ मध्ये बार्सिलोनात फ्रुक्तुओस जेलाबर्त याने ‘रिन्या एन उन काफे’ हा छोटा तुकडा चित्रित केला. नावाचा अर्थ ‘कॅफेतलं भांडण’. स्पेनचा पहिला कथापट म्हणून याचंच नाव घेतलं जातं. कथा म्हणजे काय, तर माणसं बसलेली आहेत आणि अचानक हातघाईवर येतात. पण यातलं काहीही आपोआप घडलेलं नव्हतं, भांडण ठरवून केलेलं होतं. प्रार्थनेनंतर चर्चमधून बाहेर पडणारी गर्दी टिपणं आणि खोटं भांडण रचून टिपणं यातलं अंतर जेलाबर्तने ओलांडलं.

सुरुवातीची वीस वर्षं स्पेनचा सिनेमा म्हणजे बार्सिलोना. कारखान्यांचं आणि बंदराचं ते शहर फ्रान्सच्या जवळ होतं. यंत्रं, फिल्म आणि पॅरिसच्या बातम्या सगळ्यात आधी तिथे पोचत. तेरुएलचा सेगुंदो दे चोमोन हा त्या काळचा विलक्षण कारागीर. निर्जीव वस्तू एकेक चौकट पुढे सरकवत चित्रित करून त्या आपोआप हलताहेत असं दाखवण्यात त्याचा हात कुणी धरत नसे. तो पॅरिसला पाथे कंपनीत गेला आणि त्याचं बरंचसं काम स्पेनबाहेर झालं. तो नाट्यपटांचा माणूस नव्हता, म्हणून इथे त्याच्यावर थांबत नाही. पण स्पेनकडे तांत्रिक हुशारी नव्हती असं कुणी म्हणत असेल तर चोमोनचं नाव पुरेसं आहे.

जेलाबर्तने १९०७ मध्ये ‘तेर्रा बाइशा’ केला तो आंजेल गिमेरा यांच्या कातालान (बार्सिलोनाकडच्या भाषेतल्या) नाटकावरून. डोंगरावरचा भोळा मेंढपाळ मानेलिक याला खालच्या गावात आणून मार्ताशी त्याचं लग्न लावून देतात. मार्ता खरं तर जमीनदाराची ठेवलेली बाई आहे. जमीनदाराला पैशासाठी दुसरीकडे लग्न करायचं आहे. तेव्हा मार्ताला नावाला एक नवरा मिळाला की लोकांची तोंडं बंद होतील आणि आपला संबंधही चालू राहील, असा त्याचा हिशोब. मानेलिकला हे हळूहळू कळतं. आजवर त्याने शेळ्यामेंढ्यांसाठी लांडगे मारलेले आहेत. शेवटी तो जमीनदाराला मारतो, लांडगा मारला असं ओरडतो आणि मार्ताला घेऊन डोंगरावर निघून जातो. मूकपटाला यात पुष्कळ सोयीचं होतं. वरचा डोंगर आणि खालचं गाव हा फरक डोळ्यांना लगेच कळतो. मेंढपाळाचे कपडे आणि धन्याचे कपडे वेगळे. लांडग्याची उपमा हातांनी दाखवता येते.

त्या वेळी हे चित्रपट कसे पाहिले जात, हेही समजून घ्यायला हवं. १९०० च्या सुमारास स्पेनमध्ये निम्म्याहून अधिक लोकांना वाचता येत नव्हतं. पडद्यावर मजकुराच्या पाट्या येत, पण त्या वाचणार कोण? म्हणून थिएटरात एक माणूस नेमलेला असायचा. त्याला एक्स्प्लिकादोर म्हणत. पडद्याच्या बाजूला उभं राहून तो काय चाललंय ते सांगायचा, पाट्या मोठ्याने वाचायचा आणि पात्रांच्या तोंडी स्वतःचे संवादही घालायचा. लुईस बुन्युएल या दिग्दर्शकाने आपल्या आठवणींत लिहिलं आहे की त्याच्या लहानपणी सारागोसाच्या थिएटरांत पियानोवाल्याबरोबर असा एक माणूस असायचाच. एका दृश्यातून दुसऱ्या दृश्यात उडी कशी मारली जाते हे लोकांना तेव्हा समजत नसे, म्हणून तो लागायचा. पडद्यावर एक डोकं मोठं होत होत अंगावर येऊ लागलं तेव्हा सगळे कसे भेदरले, हेही त्याने सांगितलं आहे. प्रेक्षक सिनेमाची भाषा नव्यानेच शिकत होता, आणि ती शिकवायला शेजारी एक बोलणारा माणूस होता. मूकपट हा शब्द आपण सहज वापरतो, पण त्या थिएटरांत शांतता जवळपास नव्हतीच.

१९१४ मध्ये बार्सिलोनाच्या रंगभूमीवरचे मान्यवर आद्रिया ग्वाल यांनी बार्सिनोग्राफो या कंपनीसाठी तेच ‘एल अल्काल्दे दे सालामेआ’ पडद्यावर आणलं. हेतू मोठा होता. जत्रेतला खेळ समजल्या जाणाऱ्या सिनेमाला अभिजात साहित्याची प्रतिष्ठा द्यायची होती. पण अडचण उघड आहे. काल्देरोनच्या नाटकाचा प्राण त्याच्या पद्यात आहे, आणि पद्य काढून घेतलं की उरतात हातवारे. कॅमेरा त्या काळी प्रेक्षागृहातल्या मधल्या खुर्चीवर बसल्यासारखा एका जागी असायचा. माणसं डोक्यापासून पायापर्यंत दिसत, डावीकडून येत आणि उजवीकडून जात. अशा चौकटीत पेद्रो क्रेस्पोचं मन कसं दिसणार? तरी मला ही धडपड महत्त्वाची वाटते. नाटकात काठी खाली ठेवणं आणि परत उचलणं एवढ्यात सगळं सांगून होतं. म्हणजे उत्तर मूळ नाटकातच होतं: शब्द गेले तर वस्तूकडे पाहा. पण हे उत्तर हाती यायला आणखी दहा-बारा वर्षं लागली. ग्वाल यांना धंद्यात यश आलं नाही. नंतर त्याच कंपनीने मार्गारिता शिर्गू या नटीला घेऊन भावनाप्रधान चित्रपट काढले. शिर्गू पुढे कवी आणि नाटककार लोर्का याच्या नाटकांची प्रमुख नटी म्हणून जगभर ओळखली गेली.

पहिल्या महायुद्धात स्पेन तटस्थ राहिला. फ्रेंच आणि इटालियन चित्रपटांचा ओघ आटला, आणि बार्सिलोनाच्या कंपन्यांना काही वर्षं मोकळं रान मिळालं. साखळी चित्रपट निघाले, कोलंबसाच्या आयुष्यावर एक खर्चिक भव्यपट निघाला, कादंबरीकार ब्लास्को इबान्येस यांनी आपल्या बैलझुंजीच्या कादंबरीवर स्वतः चित्रपट केला. युद्ध संपताच अमेरिकन चित्रपटांनी बाजार व्यापला आणि बार्सिलोनाचा धंदा बसला. केंद्र माद्रिदकडे सरकलं. माद्रिदकडे भांडवल थोडं होतं, पण नाटकं, सारसुएला आणि कादंबऱ्या भरपूर. इथून आपण लेखाच्या सुरुवातीला पाहिलेल्या १९२१ सालाशी येऊन पोचतो.

१९२३ मध्ये जनरल प्रीमो दे रिवेरा यांनी सत्ता हाती घेतली. १९३०च्या जानेवारीपर्यंत स्पेनवर त्यांची हुकूमशाही होती. १९२०च्या दशकातले बहुतेक सगळे महत्त्वाचे नाट्यपट याच काळातले. त्यांच्यात खेडी दिसतात, धार्मिक मिरवणुका दिसतात, बैलझुंजी दिसतात, आणि जवळजवळ प्रत्येकात एका बाईच्या नावाला लागलेला बट्टा असतो. काही टीकाकार तेव्हाही चिडत होते की परदेशी प्रवाशांना विकायचा हा स्पेन आहे. त्यांचा राग खोटा नाही. पण या चित्रपटांत दिग्दर्शक एक अवघड प्रश्न सोडवायला बसलेले दिसतात: न दिसणारी अब्रू दाखवायची कशी? मला स्वतःला सगळ्यात रस आहे तो इथे.

एक उपाय म्हणजे इतरांची नजर. १९२५च्या ‘नोब्लेसा बातुर्रा’मध्ये आरागोन प्रांतातल्या एका मुलीवर डाव धरणारा माणूस असा बनाव घडवतो की रात्री तिच्या सज्जातून एक पुरुष उतरताना लोकांना दिसावा. मुलगी निर्दोष आहे. पण गावाने पाहिलं, दुसऱ्या दिवशी त्यावर गाणं रचलं गेलं, आणि तिचं आयुष्य उलटंपालटं झालं. इथे कॅमेऱ्याला काही समजावून सांगावं लागत नाही. प्रेक्षकाला सत्य माहीत आहे, गावाला माहीत नाही, आणि आपण गावाच्या नजरेतून त्या सज्जाकडे पाहू लागतो. अब्रू दुसऱ्यांच्या डोळ्यांत राहते, आणि डोळ्यांनी पाहणं हेच तर कॅमेऱ्याचं काम. मूकपटाला हा विषय इतका का मानवला, याचं कारण माझ्या मते हेच.

दुसरा उपाय वस्तूचा. १९२६ मध्ये बेनितो पेरोहो याने ‘माल्वालोका’ केला, किन्तेरो बंधूंच्या नाटकावरून. अंदालुसियातल्या एका गावात मठाची घंटा तडकलेली आहे. ती वितळवून पुन्हा ओतायला आलेला कारागीर अशा बाईच्या प्रेमात पडतो जिच्या नावाला गाव नाकं मुरडतं. घंटेप्रमाणे माणसालाही वितळवून नव्याने ओतता आलं असतं तर, हा त्या नाटकाचा गाभा आहे. भट्टी, वितळलेला धातू, साचा, नवी घंटा या सगळ्या पाहण्याच्या गोष्टी आहेत. बाईच्या मनात काय चाललंय ते सांगायला पाटी लिहायची गरज राहत नाही. मात्र या उपमेत एक बोच आहे. ओतायचं आहे ते त्या बाईलाच. तिला दूषण देणारं गाव आहे तसंच राहतं.

तिसरा उपाय खऱ्या गर्दीचा. ‘कुर्रितो दे ला क्रूस’ (१९२६) हा आलेहांद्रो पेरेस लुगीन याने स्वतःच्याच कादंबरीवरून केला. अनाथ मुलगा बैलझुंजीत नाव कमावतो. ज्या मुलीवर त्याचं प्रेम आहे ती दुसऱ्या झुंजाराबरोबर पळून जाते, मूल झाल्यावर तो तिला टाकतो, बाप तिचं तोंड पाहायला तयार नाही. कथा ठरावीक साच्याची आहे. पण सेव्हियातल्या पवित्र आठवड्याच्या मिरवणुका आणि भरलेली रिंगणं यांमुळे तिला वजन येतं. त्या एवढ्या समुदायापुढे एकटी बाई उभी राहिली की तिच्यावर काय ओझं आहे ते कळतं.

त्याच वर्षीचा ‘ला मालकासादा’ सरळ कायद्यालाच भिडतो. एका मेक्सिकन झुंजाराशी लग्न झालेली बाई. तो आपल्या देशात जाऊन मोकळा होतो, ती मात्र स्पेनमध्ये त्याची बायकोच राहते, कारण स्पेनमध्ये घटस्फोट नव्हता. घटस्फोटाचा कायदा १९३२ मध्ये आला. दिग्दर्शक पत्रकार होता आणि त्याने त्या काळच्या कितीतरी प्रसिद्ध माणसांना पडद्यावर क्षणभर आणलं. प्रीमो दे रिवेरा त्यात आहेत, पुढे हुकूमशहा झालेला तरुण सेनाधिकारी फ्रान्सिस्को फ्रांकोसुद्धा आहे. आज इतिहासकार तो त्यासाठीच पाहतात, आणि त्या बाईचा प्रश्न मागे पडतो. मला याची खंत वाटते.

आता फ्लोरिआन रे. १८९४ साली सारागोसाजवळच्या ला आल्मुनिया गावी जन्मलेला हा माणूस आधी पत्रकार, मग नट आणि मग दिग्दर्शक झाला. १९२९ मध्ये त्याने सेगोविया परिसरातल्या पेद्रासा, आइयोन अशा जुन्या, दगडी गावांत ‘ला आल्देया माल्दिता’ चित्रित केला. अर्थ ‘शापित गाव’. कॅमेरा आल्बेर्तो आर्रोयो याचा. आकासियाची भूमिका कार्मेन व्हियान्से हिने केली, हुआनची पेद्रो लार्रान्यागा याने.

स्पेनच्या मध्यावरच्या कॅस्टिल भागातलं एक गाव. हातातोंडाशी आलेलं पीक वर्षामागून वर्ष गारपिटीने जातंय. गावात एका लुकासकडे काय ते आहे. हुआन हा मानी शेतकरी. लुकासशी झालेल्या भांडणात तो हात उचलतो आणि तुरुंगात जातो. बाहेर उपासमार. एके दिवशी सगळं गाव गाड्यांवर सामान लादून निघतं. हुआनची बायको आकासियाही त्या लोकांबरोबर निघते. आंधळा म्हातारा सासरा मार्तीन घर सोडायला तयार नाही, आणि घराण्याचा वंश म्हणून तो नातवालाही सोडत नाही. मूल मागे ठेवून ती जाते. पुढे तुरुंगातून सुटलेला हुआन सेगोवियाकडे मुकादमाचं काम धरतो, बापाला आणि मुलाला घेऊन राहतो. तिथे एका बदनाम गुत्त्यात त्याला आकासिया सापडते.

पुढचं दृश्य काल्देरोनच्या काळातलं असतं तर सुरी निघाली असती. कायदाही हुआनच्या बाजूने होता. तो तिला मारत नाही. तिला घरी घेऊन येतो, पण एका अटीवर. म्हाताऱ्या बापाला काही कळता कामा नये. तो जिवंत असेपर्यंत तिने सून म्हणून घरात वावरावं, मात्र मुलाला हात लावायचा नाही. बाप मेला की तिने चालतं व्हावं.

हा शिक्षेचा प्रकार मी स्पॅनिश सिनेमात पाहिलेल्या कुठल्याही खुनापेक्षा क्रूर आहे, आणि मूकपटाच्या दृष्टीने अचूक. विचार करा: घरात एक आंधळा आहे ज्याला दिसत नाही, आणि त्याच्यासाठीच सगळं नाटक चालू आहे. त्याला ऐकू येतं, म्हणून बोलणं गोड हवं. दिसत नाही, म्हणून नजरा कशाही चालतात. आपल्याला, म्हणजे प्रेक्षकाला, आवाज ऐकू येत नाहीत, फक्त नजरा दिसतात. म्हाताऱ्याला मिळतं त्याच्या नेमकं उलट आपल्याला मिळतं. बोलपटात ही रचना एवढी धारदार झाली नसती. मूल आईकडे धावतं आणि तिचे हात पुढे येऊन थबकतात, तेव्हा एकही पाटी लागत नाही.

गाव सोडून जाणाऱ्या गाड्यांचा भाग तर कुठल्याही देशाच्या मूकपटात उठून दिसेल असा आहे. बैलगाड्या, खेचरं, खाटा, भांडी, म्हातारी माणसं, आकाशाच्या पुढे काळ्या पडलेल्या आकृती. कॅमेरा आता मधल्या खुर्चीवर बसलेला नाही. तो कधी रांगेला दुरून पाहतो, कधी एकाच चेहऱ्याजवळ जातो. रशियन आणि जर्मन चित्रपट रेने लक्ष देऊन पाहिले असणार हे जाणवतं. पण ही गावं, हे चेहरे, ही कोरडी जमीन कॅस्टिलचीच आहे. इथे अब्रूच्या गोष्टीला पहिल्यांदा पोटाची बाजू मिळते. आकासिया वाईट चालीची म्हणून गेली नाही, भुकेने गेली. गारपीट झाली नसती तर तिची अब्रू शाबूत राहिली असती. ज्या दशकात गावरान गोडवा पडद्यावर विकला जात होता त्या दशकाच्या शेवटी हे म्हणणं धाडसाचं होतं.

बाप मरतो, हुआन ठरल्याप्रमाणे तिला बाहेर काढतो. तिचं मन भ्रमिष्ट होतं, ती भटकत ओसाड गावातल्या जुन्या घरी येते आणि रिकामा पाळणा हलवत बसते. हुआन तिला तिथे पाहतो आणि शेवटी क्षमा करतो. काहींना हा शेवट मायेचा वाटतो. मला तो पूर्ण पटत नाही, कारण क्षमा करणारा आणि शिक्षा देणारा एकच आहे, आणि त्याला कुणी जाब विचारत नाही. तरीही पटकथा जे बोलत नाही ते कॅमेरा बोलतो. तो सतत आकासियाच्या जवळ राहतो. कार्मेन व्हियान्से हातवारे जवळजवळ करतच नाही. दहा वर्षांपूर्वीच्या अभिनयाशी ताडून पाहिलं तर स्पॅनिश सिनेमा किती लांब चालत आला होता ते तिच्या चेहऱ्यावर दिसतं.

आणि नेमकं तेव्हाच आवाज आला. चित्रपट १९३० मध्ये प्रदर्शित झाला तेव्हा युरोपभर थिएटरं बोलपटांकडे वळत होती. रेने पॅरिसमध्ये त्याची आवाज जोडलेली आवृत्तीही तयार केली. ती हरवली, आज आपल्याकडे आहे ती मूक आवृत्ती. स्पेनमध्ये ध्वनिमुद्रणाची सोय असलेला पक्का स्टुडिओ, ओर्फेआ, बार्सिलोनात १९३२ मध्ये उभा राहिला. मधल्या काळात देशातली निर्मिती जवळपास थांबली आणि कितीतरी स्पॅनिश नट-नट्या पॅरिसजवळच्या जोइनव्हीलला किंवा हॉलिवूडला अमेरिकन चित्रपटांच्या स्पॅनिश आवृत्त्यांत काम करायला गेले. मूकपटात जे साधलं होतं त्यावर पुढचा मजला चढवायला कुणी जागेवर नव्हतं.

जे केलं होतं त्यातलंही फार थोडं टिकलं. स्पेनच्या मूकपटांपैकी साधारण एक दशांशच शिल्लक आहेत असं अभ्यासक मानतात. त्या काळची नायट्रेट फिल्म सहज पेट घ्यायची. चित्रपटाचं भाडं येईनासं झालं की फिल्ममधली चांदी आणि सेल्युलॉइड काढून विकलं जाई. मग यादवी युद्ध झालं. १९४५ मध्ये माद्रिदच्या रिएरा प्रयोगशाळेला आग लागली आणि कितीतरी मूळ निगेटिव्ह जळाल्या. फिल्म जपणारी सरकारी संस्था, फिल्मोतेका, १९५३ मध्ये स्थापन झाली. तोवर बरंच जाऊन चुकलं होतं. त्यामुळे या काळाबद्दल बोलताना आपण पुष्कळदा जाहिराती, छायाचित्रं आणि वर्तमानपत्रातली परीक्षणं यांच्या आधारे बोलत असतो.

कलम ४३८चंही पुढे काय झालं ते सांगायला हवं. १९३२ मध्ये, राजेशाही जाऊन आलेल्या प्रजासत्ताकाने नव्या दंडसंहितेतून ही सवलत काढून टाकली. १९४४ मध्ये फ्रांकोच्या राजवटीने ती परत आणली, आणि पुढे साठच्या दशकात ती कायमची गेली. याच दरम्यान, १९४२ मध्ये, फ्लोरिआन रेने ‘ला आल्देया माल्दिता’ पुन्हा केला, यावेळी बोलपट म्हणून. दोन्ही पाहता आले तर आधी १९३०चा पाहा. पाहताना संगीताचा आवाज अगदी कमी ठेवा, कारण आज सोबत मिळणारं संगीत बहुधा नंतर जोडलेलं असतं. आणि हुआन आकासियाला घरी आणतो तिथून पुढे चेहऱ्यांऐवजी तिच्या हातांकडे लक्ष द्या.